शिडं सोबत का घेतली? ॲक्टियमच्या लढाईचा हिशेब

इ.स.पू. ३१, सप्टेंबरची २ तारीख. ग्रीसच्या पश्चिम किनाऱ्यावर, ॲक्टियम नावाच्या भूशिरापाशी रोमन सेनापती मार्क अँटनीचं आरमार लढाईला निघत होतं. जहाजांच्या तांडेलांनी रिवाजाप्रमाणे शिडं किनाऱ्यावर उतरवून ठेवायचं म्हटलं. अँटनीनं मनाई केली. शिडं बरोबर घ्या, शत्रूचं एकही जहाज निसटता कामा नये, पाठलागाला लागतील, असं कारण त्यानं दिलं.

हे कारण कुठल्याही जुन्या खलाशाला पटलं नसणार. त्या काळी लढाऊ जहाज लढाईत चालायचं ते वल्ह्यांवर. धडक मारायची, मागं सरायचं, जागच्या जागी वळायचं, हे सगळं वल्ह्यांनीच साधतं. वारा काही हुकमाचा ताबेदार नाही. अशा वेळी शीड म्हणजे अडगळ. जडशीळ कापड, दोरखंड, वासे यांनी डेक भरून जातो, सैनिकांना पाय रोवून उभं राहायला जागा उरत नाही, वजनानं जहाज मंदावतं आणि शत्रूनं आग फेकली तर पेटायला सरपण आयतंच असतं. एवढं सगळं पत्करून शिडं चढवायची, तर त्यामागं पाठलागापेक्षा मोठा काहीतरी बेत असला पाहिजे.

ॲक्टियमबद्दल बहुतेकांना एवढंच ठाऊक असतं की ऐन लढाईत क्लिओपात्रा पळाली आणि तिच्या मोहात अँटनी तिच्यामागं पळाला. ही गोष्ट जिंकणाऱ्या बाजूनं, म्हणजे अँटनीचा रोमन प्रतिस्पर्धी ऑक्टेव्हियन याच्या लोकांनी पसरवलेली. शिडांपासून सुरुवात केली की चित्र बदलतं. अँटनीला त्या दिवशी मुख्यतः कोंडी फोडून बाहेर पडायचं होतं. आणि ती कोंडी तलवारीनं झालेली नव्हती, धान्यानं झालेली होती.

वाद कशाचा होता

हे थोडक्यात उरकू. इ.स.पू. ४४ मध्ये जुलियस सीझरचा खून झाला. त्याचा दत्तक वारस ऑक्टेव्हियन, सेनापती अँटनी आणि लेपिडस अशा तिघांनी पुढच्या वर्षी सत्ता वाटून घेतली. इ.स.पू. ३६ मध्ये लेपिडस बाजूला पडला. पश्चिम ऑक्टेव्हियनकडे, पूर्व अँटनीकडे. अँटनीचं बस्तान इजिप्तची राणी क्लिओपात्रा हिच्याबरोबर, तर त्याची लग्नाची बायको ऑक्टेव्हिया ही ऑक्टेव्हियनची सख्खी बहीण. इ.स.पू. ३२ मध्ये त्यानं तिला घटस्फोट दिला आणि उरलासुरला धागाही तुटला.

ऑक्टेव्हियननं अँटनीचं मृत्युपत्र व्हेस्टा देवीच्या पुजारणींकडून मिळवून जाहीर वाचलं आणि युद्ध पुकारलं ते फक्त क्लिओपात्राविरुद्ध. अँटनीचं नाव त्या घोषणेत नव्हतं. रोमन लोक यादवीला विटले होते. परक्या राणीविरुद्धचं युद्ध म्हटलं की तेच भांडण खपवता येत होतं. अँटनीकडे मात्र त्या वर्षीचे दोन्ही कॉन्सल, म्हणजे रोमचे वर्षापुरते निवडलेले सर्वोच्च अधिकारी, आणि सिनेटचे कित्येक सदस्य होते. म्हणजे लढाई रोमन विरुद्ध रोमनच होती.

जागा: आत सुरक्षित, बाहेर पडायला अवघड

ॲक्टियमचा नकाशा डोळ्यांसमोर असला की निम्मी लढाई कळते. अँब्रेशियन आखात हे जमिनीत शिरलेलं मोठं, उथळसर पाणी. त्याचं तोंड मात्र जेमतेम सातशे मीटर रुंद. दक्षिणेला ॲक्टियमचं भूशिर, उत्तरेला आजचं प्रेवेझा शहर. आता या दोहोंमध्ये समुद्राखालून बोगदा आहे. २००२ मध्ये तो सुरू झाल्यापासून मोटार काही मिनिटांत पलीकडे जाते.

आरमार थांबवायला अशी जागा नामी. दोन्ही काठांवर बुरूज उभारा, मधे जहाजं आडवी लावा, शत्रू आत येऊ शकत नाही. अँटनीनं नेमकं हेच केलं. पण ज्या तोंडातून शत्रूला आत येता येत नाही, त्याच तोंडातून आपल्याला बाहेरही एकेक करून पडावं लागतं. बाहेर कोणी दबा धरून बसला असेल तर ओळ मांडून होण्याआधीच तो झडप घालतो. बाटलीचं बूच बाहेरच्याच्या हातात असतं.

हवेचं म्हणाल तर अँटनीची छावणी सखल, दमट जमिनीवर. ऑक्टेव्हियननं मात्र उत्तरेकडची टेकडी धरली. वर वारा, दोन्ही बाजूंची पाण्यावरची हालचाल नजरेत, आणि खाली समुद्रापर्यंत तटबंदी बांधून त्यानं आपल्या बंदराशी छावणी जोडून टाकली. पुढच्या चार-पाच महिन्यांत एका बाजूला रोगराईनं माणसं पटापट मेली, दुसऱ्या बाजूला त्या मानानं कमी. फरक जागेचा होता.

अग्रिपानं आधी काय तोडलं

ऑक्टेव्हियन सेनापती म्हणून बेताचाच. त्याचं खरं हत्यार म्हणजे मार्कस अग्रिपा. इ.स.पू. ३६ मध्ये सिसिलीजवळ नाउलोकसच्या सागरी लढाईत सेक्स्टस पाँपीचं आरमार बुडवणारा तोच. तिथं तावून-सुलाखून निघालेले वल्हेकरी आणि जहाजं या वेळीही त्याच्या हाताशी होती. अँटनीकडे या तोडीचा आरमारी माणूस नव्हता. माझ्या मते युद्धातली ही सगळ्यात मोठी तफावत. जहाजांच्या आकाराची चर्चा त्यानंतर.

अँटनीची फौज ग्रीसमध्ये, पण तिचं धान्य इजिप्तहून. ती वाट पेलोपोनीज या ग्रीसच्या दक्षिणेकडच्या द्वीपकल्पाच्या टोकाला वळसा घालून किनाऱ्याकिनाऱ्यानं उत्तरेला येई, आणि तिच्यावर ठिकठिकाणी अँटनीची ठाणी होती. वसंत सुरू होताच अग्रिपा खुल्या समुद्रातून सरळ दक्षिणेला गेला आणि त्यानं त्या टोकाजवळचं मेथोनी हे ठाणं घेतलं. त्या ठाण्याचा रक्षक, मॉरिटेनियाचा राजा बोगुड, मारला गेला. एवढ्या दूरवर हल्ला होईल असं अँटनीच्या माणसांना वाटलंच नव्हतं. सगळे दक्षिणेकडे बघत असताना ऑक्टेव्हियननं इटलीतून फौज पार केली आणि ॲक्टियमच्या उत्तरेला येऊन ठाकला. पुढच्या काही महिन्यांत अग्रिपानं ॲक्टियमच्या अगदी शेजारचं ल्युकास बेट घेतलं, अँटनीचं हिवाळी ठाणं पात्रे घेतलं, कॉरिंथही घेतलं. समुद्रावरची रसद संपली.

आता जरा गणित मांडू. प्राचीन लेखक अँटनीचं पायदळ १ लाख सांगतात. आकडा फुगवलेला मानला तरी हिशेबाला सोपा आहे. रोमन सैनिकाचा शिधा दिवसाला सुमारे ९०० ग्रॅम गहू. म्हणजे नुसत्या पायदळाला रोज ९० टन. जहाजानं आणायचे तर काही गलबतांचं काम. तेच डोंगरातून खेचरांवर आणायचे तर, एका खेचरावर शंभर किलो धरले तरी, रोज ९०० खेचरं भरून यायला हवीत. खेचरं परत जातात, वाटेत स्वतःही खातात. यात १२,००० घोडदळाचे घोडे धरलेले नाहीत. वल्हेकरीही धरलेले नाहीत, आणि त्यांची संख्या तर छाती दडपवणारी आहे: एका ‘पाच’ जातीच्या जहाजाला (हा आकडा कशाचा ते पुढं येईल) सुमारे ३०० वल्हेकरी लागत. असली दोनशे जहाजं म्हणजे ६०,००० माणसं. उन्हाळ्यात वल्हं मारणाऱ्याला पाणी किती लागतं ते वेगळं सांगायला नको.

पाण्यावरून दुसरी झुंज झाली. अँटनीनं आखाताला वळसा घालून घोडदळ पाठवलं, ऑक्टेव्हियनच्या छावणीचं पाणी तोडायला. डाव बरोबर होता. पण घोडदळाच्या चकमकी तो हरला आणि भरीला त्याचा मित्र, गलेशियाचा राजा अमिंतास, २,००० स्वार घेऊन शत्रूकडे गेला. अँटनी पुन्हा दक्षिणेच्या छावणीत परतला. इथून पुढं तो वेढ्यात होता, जरी तसं म्हणायला कोणी तयार नव्हतं.

वल्हेकरी नसले की जहाज म्हणजे लाकडाची रास

हिवाळ्यातच अँटनीचे जवळजवळ एकतृतीयांश वल्हेकरी उपासमारीनं गेले होते, असं बऱ्याच नंतरचा इतिहासकार ओरोसियस लिहितो. अँटनीचं त्यावरचं उत्तरही तो देतो: वल्ही तेवढी शाबूत ठेवा, ग्रीसमध्ये माणसं आहेत तोवर वल्हेकऱ्यांची टंचाई पडणार नाही. मग त्याच्या जहाजांचे कप्तान ग्रीसभर फिरून वाटसरू, खेचरवाले, कापणीचे मजूर, मिसरूड न फुटलेली पोरं, जो सापडेल त्याला उचलून वल्ह्यावर बसवू लागले.

यानं काय बिघडतं ते समजून घ्यायला जहाजाची रचना माहीत हवी. त्या काळी जहाजांना आकड्यांनी ओळखत: ‘तीन’, ‘चार’, ‘पाच’, थेट ‘दहा’पर्यंत. हा आकडा वल्ह्यांच्या मजल्यांचा नाही. दहा मजल्यांचं जहाज तरंगणारच नाही. मजले तीनच्या वर जात नसत. आकडा सांगतो तो एका उभ्या ओळीतल्या माणसांचा. ‘तीन’मध्ये तीन मजले आणि दर वल्ह्याला एक माणूस, एकूण १७० वल्हेकरी. मोठ्या जहाजांत तेच वल्हं लांब आणि जड होतं आणि ते ओढायला दोन, तीन किंवा जास्त माणसं शेजारी बसतात.

एका वल्ह्यावर अनेक माणसं असली की एक सोय होते: त्यातला एक कसलेला असला की बाकीच्यांनी नुसता जोर लावला तरी भागतं. म्हणून अँटनीसारखा माणूस खेचरवाल्यांवर मोठी जहाजं चालवायचं धाडस करू शकला. पण ही सोय सरळ जाण्यापुरतीच. डाव्या बाजूनं उलटं मारायचं आणि उजव्या बाजूनं सुलटं, तालात, शिट्टीबरोबर, मग एकदम थांबायचं, हे कवायतीशिवाय येत नाही. एकाचं वल्हं चुकलं की मागच्याच्या वल्ह्यात अडकतं आणि ती गोंधळाची लाट साऱ्या बाजूभर पसरते.

आणि वेग गेला की हत्यार जातं. लढाऊ जहाजाच्या नाळेला, म्हणजे पुढच्या टोकाला, पाण्याच्या पातळीशी काशाची ओतीव चोच बसवलेली असे. शत्रूच्या कुशीत ती खुपसायची. इस्रायलच्या किनाऱ्यावर अथलित इथं १९८० मध्ये अशी एक चोच सापडली: लांबी सव्वादोन मीटरच्या वर, वजन ४६५ किलो, एकाच ओतकामात केलेली. ती मध्यम आकाराच्या जहाजाची. ‘दहा’ची त्याहून कितीतरी थोराड. पण धडकेला जोर वजनाइतकाच वेगाचाही लागतो. अर्धपोटी, अर्धे शिकलेले वल्हेकरी पाचशे मीटर जोरात वल्हवू शकत नसतील, तर ती चोच म्हणजे पुढं लटकवलेलं ओझं.

मोठी संथ जहाजं विरुद्ध छोटी चपळ जहाजं अशी या लढाईची नेहमी मांडणी होते. त्यात अर्धसत्य आहे. ऑक्टेव्हियनकडे लिबर्नियन नावाची हलकी, दोन मजल्यांची जहाजं होतीच. पण अग्रिपाच्या ओळीत मोठी जहाजंही होती आणि अँटनीकडे ‘तीन’ही होती. चपळाई मुळात माणसांमुळे होती.

ऑगस्टपर्यंत अँटनीची बाजू वितळू लागली. सोसियस या त्याच्या सरदारानं एका पहाटे दाट धुक्याचा फायदा घेऊन पहाऱ्यावरची जहाजं फोडली, पाठलागही केला, आणि नेमका समोरून अग्रिपा आला. होत्याचं नव्हतं झालं. आदल्या वर्षीचा कॉन्सल डोमिशियस अहेनोबार्बस तापानं फणफणत छोट्या होडीतून शत्रूकडे गेला. अँटनीनं त्याचं सामानसुमान आणि नोकरचाकर मागाहून पाठवून दिले. तो लवकरच वारला. जाणाऱ्यांत अँटनीचा जवळचा माणूस डेलियसही होता, आणि त्याच्याबरोबर अँटनीचा बेतही गेला. या डेलियसनं क्लिओपात्राच्या पंगतीत तक्रार केली होती म्हणे: आम्हाला इथं आंबट वाइन मिळते आणि तिकडं रोममध्ये ऑक्टेव्हियनचा एक लाडका पोऱ्या फालेर्नियन ही उंची वाइन पितो. राणीच्या पंगतीला आंबट वाइन येते तेव्हा साध्या शिपायाच्या ताटात काय असेल, याचा अंदाज बांधायला हरकत नाही.

दोन वाटा, आणि जाळलेली जहाजं

सल्लामसलतीत दोन पर्याय आले. पायदळाचा सेनापती कॅनिडियस म्हणाला, आरमार सोडा, फौज घेऊन आत मॅसेडोनियाकडे चला आणि जमिनीवर लढा. दुसरा पर्याय समुद्रावरून निघायचा. कथांमध्ये या दुसऱ्या पर्यायाचं खापर क्लिओपात्रावर फुटतं. पण जहाजं टाकून दिली तर इजिप्तशी संबंध संपला, आणि तो संपला तर पगाराचे पैसे संपले. शिवाय आजारी फौज, जनावरं कमी, वाट डोंगराची, धान्य आधीच नाही. कॅनिडियसचा सल्ला ऐकायला मर्दानी आहे. वाटेवर त्याचं काय झालं असतं याची खात्री नाही.

समुद्राचा पर्याय ठरल्यावर पहिलं काम हिशेबाचं. जेवढे वल्हेकरी उरले तेवढ्यांत जेवढी जहाजं पूर्ण भरतील तेवढीच ठेवायची. बाकीची शत्रूच्या हाती लागू नयेत म्हणून जाळली. क्लिओपात्राच्या इजिप्शियन जहाजांपैकी ६० ठेवली. रात्रीच्या अंधारात गाजावाजा न करता खजिना चढवला. उरलेल्या आरमारावर, ग्रीक चरित्रकार प्लुटार्क म्हणतो, २०,००० सैनिक आणि २,००० तिरंदाज चढले. अंगभर जखमांचे वण असलेल्या एका जुन्या शिपायानं अँटनीला विचारलं, या जखमांवर आणि तलवारीवर भरवसा नाही आणि या फुटक्या ओंडक्यांवर आहे? समुद्रावर इजिप्शियन आणि फिनिशियन लढोत, आम्हाला जमीन द्या. अँटनीनं नुसता हात हलवला, चेहरा धीराचा ठेवला आणि पुढं गेला. काय बोलणार?

आणि शिडं चढवली. त्यामागचं गणित वाऱ्याचं आहे, ते आता पाहू.

शाळेच्या भूगोलात खारे आणि मतलई वारे असतात ना, तोच प्रकार. ॲक्टियमला उन्हाळ्यात सकाळी समुद्र शांत. दुपारच्या सुमारास समुद्राकडून वारा उठतो, आधी पश्चिमेकडून, मग वळत वळत वायव्येकडून, आणि चांगला जोर धरतो. कोकणातल्या नाखव्याला हे समजवावं लागणार नाही. इजिप्तला जायचं म्हणजे दक्षिणेला. पण ॲक्टियमच्या दक्षिणेला ल्युकास बेट पश्चिमेकडे पुढं आलेलं आहे. किनाऱ्याजवळ राहून शीड उभारलं तर वारा जहाजाला किनाऱ्यावरच नेऊन आपटेल. म्हणून आधी वल्ह्यांनी खुल्या समुद्रात बरंच बाहेर जायचं, दुपारनंतर वारा वायव्येला वळला की शीड उभारायचं, ल्युकास डाव्या हाताला टाकून सुटायचं. ज्याच्याकडे शीड नाही तो वल्ह्यांनी या जहाजांना गाठू शकत नाही. ऑक्टेव्हियनच्या जहाजांनी शिडं किनाऱ्यावर ठेवली होती.

बेत वाऱ्याच्या घड्याळावर होता. बेताचा कच्चा दुवा एकच: मधे उभं असलेलं शत्रूचं आरमार.

ती दुपार

आधीचे चार दिवस वादळात गेले. पाचव्या दिवशी समुद्र निवळला. अँटनीची जहाजं तोंडातून बाहेर आली आणि किनाऱ्याला पाठ लावून घट्ट ओळीत उभी राहिली. उजव्या बगलेला, म्हणजे उत्तरेला, अँटनी आणि त्याचा सरदार पब्लिकोला; समोर अग्रिपा. डाव्या बगलेला सोसियस, समोर ऑक्टेव्हियन. मध्याच्या मागं क्लिओपात्राची ६० जहाजं.

ऑक्टेव्हियनचा आधीचा विचार असा होता की यांना जाऊ द्यावं आणि मागून गाठावं. पळताना सगळ्यांना दिसतील, लढायची गरजही पडणार नाही. अग्रिपानं तो मोडून काढला: त्यांच्याकडे शिडं आहेत, मागून सापडणार नाहीत. म्हणून ऑक्टेव्हियननं जहाजांवर भरपूर पायदळ चढवलं आणि समोर उभा राहिला. उभा मात्र दीड किलोमीटर लांब. सुरुवात करायची नाही.

सकाळ अशीच गेली. दोन्ही बाजूंचे वल्हेकरी जहाजं जागेवर धरून बसलेले. अँटनीला किनाऱ्याजवळ राहणं सोयीचं, कारण तिथं त्याला बगलेनं घेरता येत नव्हतं. अग्रिपाला तो खुल्या पाण्यात यायला हवा होता, कारण तिथं जास्त जहाजं आणि चांगले वल्हेकरी कामाला येतात. पण वारा उठला की अँटनीला पुढं सरकावंच लागणार होतं, नाहीतर निसटायची वेळ टळली असती. दुपारी वारा आला आणि त्याची डावी बगल पुढं निघाली. ऑक्टेव्हियननं मुद्दाम मागं सरून तिला आणखी बाहेर ओढलं.

मग भिडले, पण धडका जवळजवळ नाहीतच. अँटनीच्या जहाजांना वेग नव्हता. समोरच्यांना त्यांच्या काशाच्या चोचीवर जायचं नव्हतं, आणि कुशीत मारावं तर तिथं लोखंडी खिळ्यांनी जखडलेले चौकोनी तुळयांचे थर. मारणाऱ्याचीच नाळ फुटायची. म्हणून ऑक्टेव्हियनची तीन-चार जहाजं एकेका थोराड जहाजाला वेढा घालत आणि भाले, बांबूसारखे लांब वासे, पेटते बाण चालवत. वरून अँटनीचे लोक लाकडी मनोऱ्यांवरून यंत्रांनी दगड फेकत. डेक पाण्यापासून दहा फूट उंच, तेव्हा चढून जाणं सोपं नव्हतं. किल्ल्यांचा वेढा समुद्रावर चालावा तसं ते दृश्य.

निर्णायक हालचाल उत्तरेच्या टोकाला झाली. अग्रिपा आपली ओळ आणखी उत्तरेला ताणू लागला. घेरले जाऊ नये म्हणून पब्लिकोलालाही ताणावं लागलं. ताणता ताणता त्याची जहाजं मध्यापासून सुटली आणि मधे खिंडार पडलं. त्याच सुमारास वारा वायव्येला वळला. क्लिओपात्राच्या ६० जहाजांनी शिडं उभारली, त्या खिंडारातून लढणाऱ्यांच्या मधून थेट आरपार गेली आणि दक्षिणेला लागली.

हे घाबरून पळणं नव्हे. घाबरलेलं आरमार मागं, आखातात, आपल्या छावणीकडे वळतं. शत्रूच्या ओळीतून, योग्य वाऱ्यावर, एकत्र, खजिन्यासकट आरपार जात नाही. बेत तोच होता आणि त्याचा हा भाग तंतोतंत पार पडला. फसला तो दुसरा भाग. अँटनीची बरीच जहाजं शत्रूत इतकी गुरफटली होती की त्यांना शीड उभारायला उसंतच मिळाली नाही. अँटनी आपलं मोठं जहाज सोडून एका ‘पाच’वर चढला आणि क्लिओपात्राच्या मागं गेला. तिच्या जहाजावर त्याला घेतलं. तो पुढं नाळेपाशी जाऊन डोकं दोन्ही हातांत धरून एकटाच बसला. पेलोपोनीजचं दक्षिण टोक येईपर्यंत, तीन दिवस, तो तिथंच होता. आपण सुटलो आणि फौज राहिली, हे त्याला पहिल्या तासातच कळलं असावं.

मागं राहिलेले लढत राहिले. पुष्कळांना सेनापती गेल्याचं माहीतही नव्हतं. शेवटी ऑक्टेव्हियननं आग वापरली. इतिहासकार कॅसियस डिओ म्हणतो, जहाजांवरची संपत्ती हाती लागावी म्हणून तो आधी टाळत होता. आग विझवताना काय झालं त्याचं वर्णनही डिओ करतो: आधी पिण्याचं पाणी ओतलं, त्यानं थोडं विझलं. मग समुद्राचं, पण बादल्या मोजक्या आणि छोट्या, त्याही घाईत अर्ध्याच भरलेल्या, आणि थोड्याशा खाऱ्या पाण्यानं ज्वाळा उलट भडकल्या. मग जाड घोंगडी टाकली, मग प्रेतं टाकली. घोंगडी पेटली, प्रेतंही. दुपारचे चार वाजेपर्यंत सगळं शांत होत आलं होतं.

किनाऱ्यावर १९ लीजन (रोमन पायदळाच्या मोठ्या पलटणी) आणि १२,००० घोडदळ न लढता उभं होतं. अँटनी येईल असं त्यांना वाटत राहिलं. सात दिवस त्यांनी ऑक्टेव्हियनच्या निरोप्यांना दाद दिली नाही, घासाघीस केली. मग एका रात्री कॅनिडियसच छावणीतून निघून गेला आणि फौजेनं हत्यारं ठेवली. युद्ध खरं तर इथं संपलं.

आकड्यांवर किती विश्वास ठेवायचा

फार नाही. लढाईत उतरलेली अँटनीची जहाजं रोमन इतिहासकार फ्लोरस दोनशेहून कमी सांगतो, ओरोसियस १७०. पण ऑक्टेव्हियननं स्वतः लिहिलं की ३०० जहाजं पकडली. १७० पैकी ३०० पकडणं हिशेबात बसत नाही. तेव्हा तो आकडा वसंतापासूनच्या साऱ्या मोहिमेचा असणार. मृतांचं तेच: प्लुटार्क ५,००० च्या आत म्हणतो, ओरोसियस १२,०००.

पकडलेल्या जहाजांचा एक पुरावा मात्र हात लावून बघता येतो. ऑक्टेव्हियननं आपल्या छावणीच्या टेकडीवर इ.स.पू. २९ मध्ये युद्धदेव मार्स आणि समुद्रदेव नेपच्यून यांना अर्पण केलेलं स्मारक बांधलं, खाली निकोपोलिस, म्हणजे विजयपूर, हे शहर वसवलं. स्मारकाच्या दगडी भिंतीत जहाजांच्या चोची ओळीनं बसवल्या होत्या. कासं केव्हाच वितळवून नेलं गेलं, पण प्रत्येक चोचीच्या मापानं कोरलेली खोबण दगडात राहिली. अशा वीसहून जास्त खोबणी आज ओळखता येतात. मोठ्या खोबणीत अथलितची ४६५ किलोची चोच ढिली पडेल. अँटनीची जहाजं किती थोराड होती हे कुठल्याही ग्रंथापेक्षा या भोकांवरून जास्त नेमकं कळतं.

पुढच्या वर्षी, इ.स.पू. ३० च्या ऑगस्टमध्ये, अलेक्झांड्रिया पडलं. अँटनी आणि क्लिओपात्रा दोघांनी जीव दिला. जो खजिना ॲक्टियमहून सुटला होता तो इजिप्तच्या उरलेल्या संपत्तीसकट ऑक्टेव्हियनला मिळाला. रोममध्ये इतका पैसा आला की व्याजाचा दर १२ टक्क्यांवरून ४ वर उतरला.

आपल्याकडे पोचणारा धागा इथं निघतो. शेवटच्या महिन्यांत क्लिओपात्रानं सीझरपासून झालेल्या सिझेरियन या मुलाला बराच पैसा देऊन इथिओपियामार्गे भारताकडे पाठवलं, असं प्लुटार्क लिहितो. त्याच्या शिक्षकानं ऑक्टेव्हियन राज्य देणार अशी थाप मारून त्याला परत फिरवलं आणि तो मारला गेला. तो नाही आला, पण तांबड्या समुद्राची वाट आता रोमच्या ताब्यात होती. पूर्वी इजिप्तच्या राजांच्या काळात मोजकी जहाजं जायची तिथं आता मायोस हॉर्मोस या तांबड्या समुद्रावरच्या इजिप्शियन बंदराहून १२० पर्यंत जहाजं भारताकडे निघतात, असं त्या काळच्या स्ट्रॅबो या भूगोलकारानं नोंदवलं. पुढच्या शतकातल्या ग्रीक खलाशाच्या मार्गदर्शिकेत भडोच, सोपारा, कल्याण ही बंदरं येतात, आणि माल जिथून उतरायचा ती पैठण आणि तेर ही घाटमाथ्यापलीकडची गावंही.

राहिला प्रश्न या सगळ्या कथनांच्या खरेपणाचा. प्लुटार्कनं शंभरहून जास्त वर्षांनी लिहिलं, डिओनं दोनशेहून जास्त, ओरोसियसनं तर साडेचारशेच्या आसपास. तिघांपुढं जिंकणाऱ्याच्या आठवणी होत्याच. पण प्लुटार्ककडे एक घरची गोष्टही होती. त्याचे पणजोबा निकार्कस सांगत, की अँटनीच्या फौजेसाठी त्यांच्या कैरोनिया या ग्रीक गावातल्या झाडून सगळ्या लोकांना मापून दिलेला गहू पाठीवर घेऊन अँटिसिराच्या बंदरावर पोचवायला लावलं. पावलं मंदावली की चाबूक. एक खेप झाली. दुसरी मोजून पाठीवर चढवणार, एवढ्यात अँटनी हरल्याची बातमी आली. कारभारी आणि शिपाई लगेच पळाले, आणि गावानं तो गहू आपसांत वाटून घेतला.